राखणदार नसलेली जमीन

(धर्मग्रामाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त भरलेल्या सभेंत झालेलें भाषण)



आपल्या धर्मग्रामाला पन्नास वर्षें पूर्ण झालीं, ह्या आनंदाच्या प्रसंगीं चार शब्द बोलण्याची आज्ञा मला झाली आहे. अशा वेळीं वक्त्यानें मागील पन्नास वर्षांचा गौरव करावा अशी रीत आहे. तो गौरव माझ्याहून अधिकारी मंडळींनीं आतांच केला आहे. त्यांत भर घालण्याइतकें माझ्याजवळ कांहीं नाहीं. म्हणून मी निराळ्या विषयाकडे वळतों. माझा विषय वणव्याचा आहे. मंगल प्रसंगीं आगीची भाषा कशाला, असें कोणाच्या मनांत येईल. परंतु ज्युबिली ह्या शब्दाचा मूळ अर्थ पाहिला म्हणजे हा विषय परका वाटणार नाहीं, अशी माझी खात्री आहे.

जुन्या करारांतील लेवीय पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायांत पन्नासाव्या वर्षाचा नियम सांगितला आहे. तें वर्ष आलें म्हणजे एडक्याच्या शिंगाचें रणशिंग फुंकावयाचें. त्या शिंगाच्या हिब्रू नांवावरूनच ज्युबिली हा शब्द आला. आणि त्या वर्षीं करावयाचें काय? जमिनीला विसांवा द्यावयाचा, विकली गेलेली जमीन मूळ कुटुंबाकडे परत करावयाची, आणि दारिद्र्यामुळें दास्यांत पडलेल्या बांधवाला मोकळें करावयाचें. ह्या सर्वांचें कारण देवानें एकच दिलें आहे. जमीन त्याची आहे. आपण तिच्यावर कुळें म्हणून राहतों. तात्पर्य, ज्युबिली हा प्रथम जमिनीचा सण आहे. पन्नास वर्षांनीं मालक हिशेब विचारतो, आणि कुळानें तो द्यावयाचा असतो. आजचें माझें भाषण म्हणजे त्या हिशेबांतील एक कलम आहे, असें आपण समजावें.

आपल्या देवळाच्या बाजूला फातिमा मातेची गुहा आहे. तिच्यासमोर गुडघे टेकीत आपण सर्वजण लहानाचे मोठे झालों. मातेच्या पायांशीं तीन मुलें आहेत : ल्युसिया, फ्रान्सिस्को आणि जासिंता. त्यांना आपण मेंढपाळ मुलें म्हणतों. परंतु मेंढपाळ ह्या शब्दावर आपलें लक्ष क्वचित् थांबतें. १३ मे १९१७ रोजीं मातेनें त्यांना दर्शन दिलें, तेव्हां तीं कोवा द इरिया येथें मेंढरें चारीत होतीं. मुलांनीं मेंढरें घेऊन रानांत जाणें ही त्या देशांतील खेड्यांची नेहमींची गोष्ट होती.

त्या काळचें मध्य पोर्तुगालांतील खेडें कसें होतें, हें समजून घेतलें पाहिजे. डोंगरउतारांवर शेळ्यामेंढ्या चरत. उतारावरील झुडपें लोक कोयत्यानें कापून आणीत व गोठ्यांत गुरांखालीं अंथरीत. तींच शेणामुतांत कुजून शेताचें खत होई. चुलीसाठीं आणि पाव भाजण्याच्या भट्टीसाठीं वाळलेल्या फांद्या वेंचून आणल्या जात. म्हणजे रानांत जें जें जळण्यासारखें होतें, तें रोज थोडें थोडें घरीं येत असे. हें काम कोणीं वणवा टाळण्याच्या बुद्धीनें केलें नव्हतें. गरिबांनीं पोटासाठीं केलें होतें. परंतु त्या कष्टांत रानाची राखण आपोआप होऊन जात होती.

बरोबर शंभर वर्षांनीं, १३ मे २०१७ रोजीं, पोप फ्रान्सिस ह्यांनीं फातिमा येथें फ्रान्सिस्को आणि जासिंता ह्यांना संतपद दिलें. आपल्यापैकीं पुष्कळांनीं तो सोहळा घरीं बसून दूरदर्शनवर पाहिला असेल. त्यानंतर पांच आठवड्यांनीं, १७ जून रोजीं, फातिमापासून सुमारें ५५ किलोमीटरांवर असलेल्या पेद्रोगाव ग्रांद भागांत वणवा पेटला. पारा चाळीस अंशांच्या आसपास होता. दुपारीं लागलेली आग संध्याकाळीं वादळी वाऱ्याच्या हातीं सांपडली, आणि ती एका दिशेनें न जातां चोहोंकडे फेकली गेली. घाबरलेले लोक घरें सोडून मोटारींतून निघाले. दोहों बाजूंस निलगिरी व पाइन वृक्षांची दाट गर्दी असलेल्या एका रस्त्यावर धुरानें व ज्वाळांनीं त्यांना घेरलें. त्या एकाच रस्त्यावर, मोटारींत आणि मोटारींच्या आसपास, ४७ माणसें मरण पावलीं. त्या वणव्यांत एकंदर ६६ माणसें गेलीं. एका खेड्यांत कांहीं माणसें पाण्याच्या टाकींत उतरून बसलीं, म्हणून तेवढीं वांचलीं.

दुःख एवढ्यावर थांबलें नाहीं. त्याच वर्षीं १५ ऑक्टोबरला, पाऊस लांबलेला असतांना, ओफेलिया नांवाच्या चक्रीवादळाचा वारा त्या देशाच्या कडेनें गेला, आणि एका दिवसांत शेंकडों ठिकाणीं आगी भडकल्या. आणखी सुमारें पन्नास माणसें मेलीं. लैरीया येथील पाइन वृक्षांचें राजवन शतकानुशतकें समुद्रकांठची वाळू थोपवीत व जहाजांना लांकूड पुरवीत उभें होतें. त्याचा शंभरांतील ऐंशींहून अधिक भाग जळाला. ज्या धर्मप्रांतांत फातिमा आहे, त्याच लैरीयाचें हें वन. त्या एका वर्षांत पोर्तुगालांत पांच लाख हेक्टरांहून अधिक भूमि जळून गेली.

आपल्या वसईचा त्या देशाशीं संबंध १५३४ पासूनचा आहे. त्या देशाच्या धर्मगुरूंनीं आपल्या पूर्वजांना बाप्तिस्मा दिला, आणि १७३९ मध्यें राज्य गेल्यावरहि तो धागा तुटला नाहीं. म्हणून त्या खेड्यांवर जें ओढवलें, त्याची विचारपूस करणें हें आपलें काम आहे. आणि ती करतांना आपल्याला आपलेंच कांहीं उमगेल.

असें कां झालें? १९१७ सालीं जे डोंगर मुलांच्या काठीनें राखले जात होते, ते २०१७ सालीं हजारों जवानांना व विमानांना कां आवरले नाहींत?

उत्तर एका शब्दांत सांगावयाचें तर : राखणदार निघून गेला. १९३८ सालीं तेथील सरकारनें गांवोगांवच्या सामाईक गायरानांवर पाइन लावण्याची मोठी योजना काढली. हेतु वाईट नव्हता. परंतु ज्या उतारांवर कळप चरत होते ते उतार कळपांना बंद झाले. पुढें १९६० च्या सुमारास तरुण माणसें पोटासाठीं फ्रान्सला, जर्मनीला व शहरांकडे निघून गेलीं. खेड्यांत म्हातारीं माणसें राहिलीं. पडीत शेतांवर झुडपें वाढलीं, आणि जेथें पैसा दिसला तेथें कागदाच्या गिरण्यांसाठीं निलगिरी लावली गेली. निलगिरी भराभर वाढते, तशी ती भडकतेहि. तिच्या पेटलेल्या सालीच्या पट्ट्या वाऱ्याबरोबर दूर उडून नवी आग लावतात. त्यांतच, तेथील बहुतेक सर्व वनभूमि खाजगी किंवा गांवच्या मालकीची. सरकारची अगदीं थोडी. खाजगी जमिनीचे वारसांत वांटे होतां होतां इतके लहान तुकडे झाले कीं, कित्येकांचे मालक कोण आणि ते कोठें आहेत हेंच कोणास ठाऊक नाहीं. सातासमुद्रांपलीकडे बसलेल्या वारसाला आपल्या तुकड्यांत काय माजलें आहे हें दिसत नाहीं. आगीला मात्र तें बरोबर दिसतें.

कोणी म्हणेल कीं वणवे पूर्वींहि लागत होते. मग आतां जो तो हवामानाच्या पालटाचें नांव घेतो तें कशासाठीं? प्रश्न रास्त आहे. हवा जितकी तापते तितका ओलावा ती पानांतून, गवतांतून व मातींतून ओढून घेते. जें रान पूर्वीं दोन महिने कोरडें राही तें तीन-चार महिने कोरडें राहतें. जी आग रात्रीच्या दंवानें मंदावे ती रात्रभर धुमसत राहते. हवामान काडी ओढीत नाहीं. पण ओढलेली काडी तें विझूं देत नाहीं. २०२४ हें वर्ष यंत्रयुगापूर्वींच्या काळाशीं तुलना करतां दीड अंशाहून अधिक उष्ण ठरलें. असें पुरें वर्ष नोंदींत पहिलेंच. ही उष्णता कोळसा, तेल व वायु जाळल्यानें वाढली आहे, आणि ती कमी करणें हें सर्व जगाचें काम आहे. पोप फ्रान्सिस ह्यांनीं २०१५ च्या 'लाउदातो सी' ह्या पत्रांत आणि पुन्हां ऑक्टोबर २०२३ मध्यें 'लाउदाते देउम' ह्या पत्रांत तीच विनवणी केली. परंतु ज्या दोन गोष्टींनीं वणवा माजतो त्यांपैकीं उष्णता एकट्या गांवाच्या हातीं नाहीं. रानांतील सरपण मात्र गांवाच्या हातीं आहे. उष्णतेनें आपल्याला जी नवी गोष्ट शिकविली ती ही : पूर्वीं ज्या हयगयीची शिक्षा थोडी होत असे, तिचीच शिक्षा आतां प्राणान्तिक होते.

आतां त्याच वणव्यांतील एक दुसरी हकीकत ऐका. पेनेला तालुक्यांत फेरारिया द साँव जुआँव नांवाचें एक लहानसें खेडें आहे. जून २०१७ मधील आग त्याच्या वेशीपर्यंत आली. परंतु गांवाला लागून बुचाच्या ओक वृक्षांची जुनी राई होती. बाटलीला लावावयाचें बूच ज्याच्या सालीपासून होतें तोच हा वृक्ष. त्याची जाड साल आगीला सहजासहजीं दाद देत नाहीं, आणि नऊ-नऊ वर्षांनीं साल काढण्याकरितां माणसें त्याच्याजवळ येतात, त्यामुळें त्याच्याखालीं झुडपांचें रान माजत नाहीं. त्या राईपाशीं आग मंदावली आणि गांव वांचला. पूर्वजांनीं लावलेल्या झाडांनीं नातवंडांचे जीव राखले.

गांवकऱ्यांनीं ह्यांतून जो बोध घेतला तो विशेष आहे. त्यांनीं नुसता नवस फेडला नाहीं. सर्वांनीं मिळून गांवाभोंवतींच्या शंभर मीटर पट्ट्यांतील निलगिरी उपटून काढण्याचें ठरविलें, आणि तेथें सावकाश जळणाऱ्या जातींचीं झाडें लावलीं. जमिनीचे लहान लहान तुकडे अनेकांच्या मालकीचे होते. पण पट्टा एकच झाला. पुढें २०१८ पासून पोर्तुगालांत 'सुरक्षित गांव, सुरक्षित माणसें' नांवाचा उपक्रम सुरू झाला. त्यांत प्रत्येक खेड्यांतून एक माणूस नेमावयाचा, आग आली तर सर्वांनीं कोठें जमावयाचें ती जागा आधींच ठरवून ठेवावयाची, आणि एकदां तसा सरावहि करावयाचा. घरांभोंवतीं पन्नास मीटर व गांवांभोंवतीं शंभर मीटर रान साफ ठेवण्याचा जो कायदा आधींपासून होता, त्याची खरी अंमलबजावणी सुरू झाली. झुडपें खाऊन रान मोकळें राखण्यासाठीं शेळ्यांचे कळप मुद्दाम पोसण्यास सरकारनें मदत देऊं केली. शंभर वर्षांपूर्वीं जें काम जासिंतेसारखीं मुलें फुकट करीत होतीं, त्याला आतां पैसे मोजावे लागले!

तेथील काम संपलें असें मी म्हणत नाहीं. सप्टेंबर २०२४ मध्यें आणि पुन्हां ऑगस्ट २०२५ मध्यें तो देश मोठ्या वणव्यांनीं होरपळला. ऐंशी वर्षांची हयगय आठ वर्षांत भरून येत नाहीं. पण कोणत्या वाटेनें जावें हें त्यांना कळलें आहे.

आतां आपल्या घराकडे येऊं.

आपल्याकडे असें होत नाहीं, असें म्हणून स्वस्थ बसण्याचे दिवस गेले. २०२३ सालचा फेब्रुवारी महिना, दिवसाच्या कमाल तपमानाच्या दृष्टीनें, १९०१ पासूनच्या नोंदींत आपल्या देशांत सर्वांत उष्ण ठरला. पुढच्याच महिन्यांत, ५ मार्चपासून, गोव्याच्या म्हादई अभयारण्यांत व आसपासच्या घाटांत सत्तरांहून अधिक ठिकाणीं आगी लागल्या. ज्या सह्याद्रीच्या दाट ओल्या रानाला आग शिवत नाहीं असें आपण समजत होतों, त्यावर नौदलाचीं हेलिकॉप्टरें बादल्यांनीं पाणी ओतीत होतीं. आपल्या पूर्वेस असलेली तुंगारेश्वराची रांग तर त्याहून कोरडी. शिमग्याच्या आगेंमागें तिच्या अंगावर रात्रीं लाल माळा दिसूं लागतात. लहानपणीं आम्हीं त्या मौजेनें मोजल्या आहेत. डोंगरानें माळ घातली, असें आम्ही म्हणत असूं. ती माळ कशाची आहे, हें कळण्यास मला साठी यावी लागली.

मला कसें कळलें तें सांगतों. सांगतांना मान खालीं जाते, परंतु ज्युबिलीचा हिशेब खोटा देतां येत नाहीं.

डोंगराच्या पायथ्याशीं माझ्या वडिलांची थोडी वरकस जमीन आहे. वडील असतांना पावसाळा सरला कीं तेथील गवत कापलें जाई. कांहीं आमच्या गुरांना, बाकीचें मुंबईच्या तबेल्यांना. गुरें गेलीं, तबेलेहि कमी झाले. मी नोकरींत होतों, मुलें परदेशीं गेलीं, आणि तें गवत उभेंच राहूं लागलें. जमीन विकली नाहीं, एवढ्यावर मी समाधान मानीत होतों. वडिलांची जमीन राखली असें लोकांत सांगतहि होतों! चार वर्षांपूर्वीं उपवासकाळांत एका रात्रीं डोंगरावरून आग उतरली. माझ्या कमरेएवढ्या वाळलेल्या गवतांत ती शिरली, आणि खालच्या पाड्यावरील एका वारली कुटुंबाच्या पेंढ्याच्या उडवीला लागली. पाड्यावरील बायामाणसांनीं हिरव्या फांद्यांनीं झोडपून घरें वांचविलीं, उडवी गेली. त्यांच्या बैलांची पावसाळ्यापर्यंतची वैरण तीच होती.

दुसऱ्या दिवशीं मी गेलों. घरधनी मला रागें भरला नाहीं. एवढेंच म्हणाला कीं, तुमचे वडील असतांना हें गवत दिवाळीपुढें उभें राहत नसे. आग कोणीं लावली हें आजवर कळलें नाहीं. पण तिला वाट माझ्या जमिनीनें दिली, हें मला ठाऊक आहे. वैरणीचे पैसे मीं दिले. त्यानें तें काळें पडलेलें अंगण धुऊन निघालें असें मला वाटत नाहीं.

बंधुभगिनींनो, त्या रात्रीनंतर मला पोर्तुगालांतील त्या तुकड्यांचे न सांपडणारे मालक परके राहिले नाहींत. त्यांच्यांतला एक मी स्वतःच होतों.

येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे. वणव्याचें नांव निघालें कीं आपण चटकन् डोंगरावरील आदिवासी बांधवांकडे बोट दाखवितों. ते राब भाजतात, मोहाखालचा पाला जाळतात, म्हणून रान पेटतें, असें आपण म्हणतों. त्यांतून कधीं कधीं आग सुटते हें खरें. परंतु राब भाजणारा शेतकरी कसा वागतो तें पाहा. फांद्या, पाला व शेण तो आपल्या वाफ्यावर पसरतो, वारा पाहतो, आणि राब भाजून होईपर्यंत तेथें उभा राहतो; कारण त्याला त्याच राखेंत भाताची रोपें करावयाची असतात. चालत्या मोटारींतून विडी फेंकणारा, सहलीची चूल पेटती सोडून जाणारा, कुंपणाशीं कचरा पेटवून जेवावयास जाणारा आणि माझ्यासारखा गवत उभें ठेवून विसरणारा, हे आगीजवळ उभे राहत नाहींत. पोर्तुगालांत माणसें निघून गेलीं म्हणून रान जळलें. आपल्याकडे माणसें आग लावून निघून जातात म्हणून जळतें. कारणें दोन दिसतात, पण मूळ एकच आहे. जेथें राखणदार नाहीं तेथें आग राज्य करते.

अग्नि हा स्वतः शत्रु नव्हे. पुनरुत्थानाच्या रात्रीं देवळाच्या दारांत आपण नवा अग्नि पेटवितों, त्याला आशीर्वाद देतों, आणि त्यावरून पास्काची मेणबत्ती पेटवून अंधारांत शिरतों. तो अग्नि पवित्र कां? आशीर्वादानें तो पवित्र होतोच. पण त्याच्या भोंवतीं सारा धर्मग्राम जागा उभा असतो, हेंहि विसरूं नये.

आतां कराव्या अशा गोष्टी. त्या मोठ्या नाहींत, पण वेळेवर झाल्या पाहिजेत. वणव्याचें काम उन्हाळ्यांत सुरू होत नाहीं. तें नाताळच्या आधीं सुरू होतें.

पहिली गोष्ट गवताची. डोंगराकडच्या आपल्या वरकस जमिनींवरील गवत दिवाळीनंतर कापलें जावें. ज्याला स्वतः कापवत नाहीं त्यानें पाड्यावरील गुरेंवाल्यांना तें मोफत नेऊं द्यावें. ज्यांच्या जमिनींचे वारस आखातांत, कॅनडांत, ऑस्ट्रेलियांत आहेत, त्यांच्या नातलगांनीं पत्र घालून येथें एक राखणदार नेमून घ्यावा. जमिनीचा दस्त घरीं आहे म्हणजे जमीन राखली, हा माझा भ्रम कोणीं बाळगूं नये.

दुसरी गोष्ट जाळरेषेची. वनखातें दरवर्षीं रानांत गवत काढून वा जाळून रिकामे पट्टे करतें, त्यांना जाळरेषा म्हणतात. त्यांच्या परवानगीनें व देखरेखीखालीं, रानाच्या कडेची जाळरेषा साफ करण्यास आपल्या तरुण मंडळानें वर्षांतून दोन रविवार द्यावे. १९२७ च्या भारतीय वन कायद्यानें राखीव वनांत आग लावणें हा गुन्हा ठरविला आहे, आणि वनांतून हक्कानें चारा-लांकूड घेणाऱ्यानें आग विझविण्यास हात लावावा असेंहि सांगितलें आहे. आपण लांकूड घेत नसूं. पण त्या डोंगरानें जिरविलेलें पाणी आपल्या विहिरींत येतें. जळालेल्या उताराची माती पहिल्या पावसांत वाहून जाते, आणि पाणी जिरण्याऐवजीं धांवत सुटतें. जो डोंगराचें पाणी पितो, त्याच्यावर त्या कलमांतील कर्तव्य धर्मानें तरी येतेंच.

तिसरी गोष्ट पहाऱ्याची. राखेच्या बुधवारापासून पुनरुत्थानाच्या सणापर्यंतचा काळ म्हणजेच आपल्याकडील वणव्याचा भर. त्या चाळीस दिवसांत रोज संध्याकाळीं दोन घरांनीं डोंगराकडे नजर ठेवावी. डेहराडून येथील भारतीय वन सर्वेक्षण ही संस्था उपग्रहांनीं टिपलेल्या आगींची सूचना, नांव नोंदविणाऱ्यास, भ्रमणध्वनीवर पाठविते. आपल्यांतील चार तरुणांनीं तशी नोंद करावी. आग दिसतांच प्रथम वनखात्यास कळवावें. न शिकलेल्या माणसानें ज्वाळांपुढें धांवूं नये. पेद्रोगावच्या रस्त्यानें तें शिकविलें आहे.

चौथी गोष्ट आसऱ्याची. आग आली, पूर आला किंवा मे महिन्याची उष्णता असह्य झाली, तर एकटीं राहणारीं म्हातारीं माणसें कोठें जातील? धर्मग्रामाचें सभागृह तें ठिकाण असावें. तेथें पाणी भरलेलें असावें, आणि कोणाच्या घरीं कोण एकटें आहे ह्याची यादी तयार असावी. ह्या यादींत पाड्यावरील घरेंहि असावींत. त्यांचा धर्म कोणता हें आगीनें विचारलें नाहीं. आपणहि विचारूं नये.

पांचवी गोष्ट पाण्याची. आपल्या बावखलांपैकीं किती बुजविलीं गेलीं हें मी सांगावयास नको. फादर फ्रान्सिस दिब्रिटो ह्यांनीं हरित वसईसाठीं आपलें आयुष्य झिजविलें. ते २०२४ सालीं आपणांस सोडून गेले. त्यांचें स्मरण करावयाचें तर उरलेलें एक तरी बावखल ह्या महोत्सवी वर्षांत गाळ काढून साफ करूं या. जेथें पाणी थांबतें तेथें जमीन ओली राहते, आणि ओल्या जमिनीचा वणव्याशीं करार होत नाहीं.

शेवटीं एक विचार सांगून मी रजा घेतों. उत्पत्तीच्या पुस्तकांत देवानें पहिल्या माणसाला बागेंत ठेवलें, तेव्हां त्याला दोन कामें नेमून दिलीं : एक बाग कसण्याचें, दुसरें ती राखण्याचें. कसण्याचें काम माणसानें फार लवकर शिकून घेतलें, कारण त्यांत पीक हातीं येतें. राखण्याचें काम तो अजून शिकतो आहे. दरवर्षीं राखेच्या बुधवारीं धर्मगुरु आपल्या कपाळावर राख लावतात. ती राख आदल्या वर्षींच्या झावळ्यांची असते. ज्या झावळ्या हातीं घेऊन आपण प्रभूचा जयजयकार केला, त्यांचीच. आपल्या मायबोलींत राख ह्या एका शब्दाचे दोन अर्थ आहेत. एक जळून उरतें तें. दुसरा म्हणजे आज्ञा, कीं सांभाळ. यंदा ती राख कपाळीं लागेल तेव्हां दोन्ही अर्थ आपल्या कानीं पडोत. जो राखीत नाहीं, त्याच्या हातीं राख उरते.

पन्नास वर्षांपूर्वीं ज्यांनीं ह्या देवळाचा पाया घातला, त्यांनीं अंगणांत आंबा लावला; आज आपण त्याच्या सावलींत बसलों आहों. पुढच्या पन्नास वर्षांनीं येथें जे बसतील, त्यांना डोंगर हिरवा दिसावा, विहिरींत पाणी दिसावें, आणि शेजारच्या पाड्यावर उडवी शाबूत दिसावी, एवढा हिशेब आपल्याकडून प्रभूनें घ्यावा. फातिमाची माता, जिनें मेंढरें राखणाऱ्या मुलांना आपलें दर्शन दिलें, ती आपल्यालाहि राखणदार करो.